खान्देशी बोली : शब्द, आवाज आणि मन

खान्देश एकाच बोलीचा प्रदेश नाही. तापी, गिरणा, पांझरा आणि बोरी या नद्यांच्या खोऱ्यांत थोड्या थोड्या अंतरावर बोलणे बदलते. धुळे जिल्ह्यात आणि जळगाव जिल्ह्याच्या चाळीसगाव, भडगाव, पारोळा, अमळनेर या पश्चिमेकडील तालुक्यांत अहिराणी चालते. हीच बोली नाशिक जिल्ह्यातील बागलाण आणि मालेगावपर्यंत पोचते. यावल, रावेर, भुसावळ, जळगाव या पट्ट्यात लेवा गणबोली आहे, तर जामनेरच्या बाजूला तावडी. गुजर समाजाची गुजरी, सातपुड्याच्या पायथ्याची पावरी, साक्रीकडची कोकणी, तांड्यांवरची बंजारा आणि भिल्ली बोली या सगळ्या त्यांच्या शेजारी नांदतात. १९०६ साली जुन्या खान्देश जिल्ह्याचे पूर्व आणि पश्चिम असे दोन भाग झाले. त्यांतून पुढे जळगाव आणि धुळे हे जिल्हे आले, आणि १९९८ मध्ये धुळ्यातून नंदुरबार वेगळा झाला. बोलींच्या सीमा मात्र यांपैकी कोणत्याच रेषेला जुळत नाहीत.

या बोलण्यावर शंभराहून अधिक वर्षे लिहिले जात आहे. त्या लेखनाचे ढोबळमानाने तीन थर पडतात. पहिल्या थरातील पुस्तके शब्द आणि व्याकरण नोंदवतात, दुसऱ्यातील ध्वनी आणि हेल तपासतात, आणि तिसऱ्यातील बोलणाऱ्याच्या मनात भाषा काय करते याचा शोध घेतात. खान्देशापुरता पहिला थर जाड आहे. उरलेल्या दोन थरांतील महत्त्वाची पुस्तके जगात इतरत्र लिहिली गेली, पण त्यांतील प्रश्न खान्देशी बोलींना नेमके लागू पडतात.

सर्वेक्षणाच्या खंडातील खान्देशी

खान्देशीची पहिली मोठी शास्त्रीय नोंद जॉर्ज ग्रियर्सन यांच्या भारतीय भाषा सर्वेक्षणात आहे. १९०७ साली निघालेल्या नवव्या खंडाच्या तिसऱ्या भागात भिल्ली भाषांबरोबर खान्देशीचा विचार केलेला आहे. मराठीचा खंड सातवा. म्हणजे ग्रियर्सन यांनी खान्देशीला मराठीच्या खंडात बसवले नाही, गुजरातीच्या जवळ ठेवले.

या निर्णयामागचे पुरावे व्याकरणाचे होते. अहिराणीत षष्ठीचा प्रत्यय ‘ना-नी-नं’ असा येतो. ‘रामचा मुलगा’ हे अहिराणीत ‘रामना आंडोर’ होते. ‘आहे’साठी ‘शे’ येते, आणि ते गुजरातीतील ‘छे’च्या जवळचे आहे. ‘करतो’ऐवजी ‘करस’, ‘जातो’ऐवजी ‘जास’ ही रूपे मराठीहून निराळी आहेत. दुसरीकडे चतुर्थीचा ‘ले’ (माले, तुले) वऱ्हाडीशी जुळतो आणि शब्दसंग्रहाचा मोठा भाग मराठीचा आहे. अहिराणी मराठीची बोली की स्वतंत्र भाषा, हा वाद या दुहेरी नात्यातून निघाला. अनेक मराठी अभ्यासक तिला मराठीची बोली मानतात, तर जनगणनेत ‘खान्देशी’ ही वेगळी भाषा म्हणून मोजली जाते.

ग्रियर्सन यांच्या पद्धतीला एक मर्यादा होती. बायबलमधील उधळ्या मुलाच्या गोष्टीचे स्थानिक भाषांतर, एखादे स्थानिक कथन आणि ठरावीक शब्द-वाक्यांची यादी, अशी सामग्री जिल्ह्याजिल्ह्यांतील अधिकाऱ्यांमार्फत गोळा होई. ती कागदावर उतरूनच अभ्यासकाकडे पोचे. लिहिणाऱ्याच्या कानाने जे टिपले तेवढेच खंडात आले. पुढे सर्वेक्षणाला जोडून अनेक भाषांच्या ग्रामोफोन तबकड्याही तयार झाल्या, पण वर्गीकरणाचा पाया लिखित नमुन्यांचाच राहिला.

धुळे : कागदपत्रांची भाषा

विसाव्या शतकात धुळे हे मराठी भाषाभ्यासाचेही एक केंद्र झाले. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे यांचे ३१ डिसेंबर १९२६ रोजी धुळ्यात निधन झाले आणि १९२७ साली तेथे त्यांच्या नावाचे संशोधन मंडळ उभे राहिले. धातूंचा आणि नामांच्या व्युत्पत्तींचा राजवाडे यांनी जमवलेला मोठा संग्रह या मंडळाने कोशरूपाने छापला. राजवाडे यांची दृष्टी ऐतिहासिक होती. ज्ञानेश्वरीचे व्याकरण, जुने लेख, दप्तरे आणि संस्कृतापर्यंत जाणारी शब्दांची वाट हे त्यांचे विषय. जिवंत बोलण्याच्या वर्णनासाठी लागणारी पद्धत पुढच्या पिढीने आणली. ना. गो. कालेलकर यांचे ‘ध्वनिविचार’ १९५५ साली आले आणि ध्वनी कसा निर्माण होतो, कसा ऐकला जातो आणि भाषेच्या व्यवस्थेत कोठे बसतो, ही चर्चा मराठीत सविस्तर झाली. त्यांच्या ‘भाषा : इतिहास आणि भूगोल’ या पुस्तकाला १९६७ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला.

याच वर्णनात्मक परंपरेत विजया चिटणीस यांनी १९६४ साली पुण्यात पीएच.डी.चा प्रबंध पूर्ण केला. धुळे तालुक्यातील मोहाडी गावच्या शेतकऱ्यांचे बोलणे हा त्याचा विषय. संपूर्ण खान्देशचा ठोकताळा न मांडता एक गाव आणि एक व्यवसायगट निवडल्यामुळे ‘अहिराणी कोणाची?’ हा प्रश्न नेमका झाला.

त्यानंतरचा मोठा टप्पा रमेश सूर्यवंशी यांचा. अहिराणीचा भाषावैज्ञानिक अभ्यास आणि ‘अहिराणी शब्दकोश’ ही त्यांची पुस्तके १९९७ मध्ये प्रसिद्ध झाली. शेती, अवजारे, नाती, सणवार, घरकाम यांचे शब्द जोपर्यंत वापरात असतात तोपर्यंत कोशाची गरज कोणालाच वाटत नाही. औत सुटून ट्रॅक्टर आला की औताच्या भागांची नावे एका पिढीत विस्मरणात जातात. बोलीचा कोश त्यामुळे शेतीच्या आणि घराच्या इतिहासाचेही साधन ठरतो.

लिहिता न येणाऱ्या कवयित्रीची भाषा

खान्देशच्या बोलण्याची सर्वांत जास्त वाचली गेलेली नोंद अभ्यासकांच्या हातची नाही. असोदे येथे १८८० साली जन्मलेल्या बहिणाबाई चौधरी यांना लिहिता-वाचता येत नव्हते. शेतात आणि जात्यावर त्या ओव्या रचत. त्यांचे पुत्र सोपानदेव आणि इतर आप्तांनी त्यांतील काही उतरून घेतल्या. बहिणाबाईंचे निधन १९५१ मध्ये झाले आणि आचार्य अत्रे यांच्या पुढाकाराने १९५२ साली ‘बहिणाबाईंची गाणी’ प्रसिद्ध झाली. जळगावच्या उत्तर महाराष्ट्र विद्यापीठाला २०१८ मध्ये त्यांचे नाव देण्यात आले.

त्यांची भाषा सरसकट अहिराणी समजली जाते. प्रत्यक्षात ती लेवा गणबोलीच्या घरची आहे. ‘ले’ हा प्रत्यय आणि ‘ळ’च्या जागी ‘य’ ही वैशिष्ट्ये दोन्हींत आढळतात, पण षष्ठीचा ‘ना’ हा अहिराणीचा खास प्रत्यय तिच्यात नाही. तेथे मराठीचा ‘चा’च आहे.

भाषेच्या मानसशास्त्रातील एका मोठ्या वादात बहिणाबाईंचे उदाहरण महत्त्वाचे ठरते. रशियन मानसशास्त्रज्ञ अलेक्सांद्र लुरिया यांनी १९३०च्या दशकाच्या आरंभी उझबेकिस्तानातील निरक्षर शेतकऱ्यांना तर्काची कोडी घातली. ते शेतकरी अनुभवाबाहेरच्या विधानांवरून निष्कर्ष काढायला तयार नसत. वॉल्टर ओंग यांनी १९८२ मधील मौखिकता व साक्षरतेवरील पुस्तकात या निरीक्षणांचा आधार घेत, लेखनामुळे विचाराची घडणच बदलते असे मांडले. त्याआधी एकच वर्ष सिल्व्हिया स्क्रिब्नर आणि मायकेल कोल यांचा लायबेरियातील वाई समाजाचा अभ्यास आला होता. वाई लोकांची स्वतःची लिपी आहे आणि ती शाळेबाहेर शिकली जाते. त्यामुळे शाळा आणि साक्षरता यांचे परिणाम वेगळे काढता आले. तर्काच्या कसोट्यांवर दिसणारा फरक मुख्यतः शालेय शिक्षणाचा निघाला, नुसत्या अक्षरओळखीचा नव्हे.

जन्म, मृत्यू, मन, संसार अशा अमूर्त विषयांवर शेतातील वस्तूंच्या आधारे सलग युक्तिवाद करणारी निरक्षर कवयित्री ओंग यांच्या मांडणीला अपवाद दिसते. स्क्रिब्नर-कोल यांच्या निष्कर्षाच्या उजेडात ती अपवाद राहत नाही. ओवीची लय, यमक आणि पुनरुक्ती ही स्मरणाची साधने आहेत. ती हाताशी असली की विचार कागदाशिवायही लांबवर नेता येतो.

‘ळ’ आणि ‘य’ : कानाचे शिक्षण

डोळा–डोया, शाळा–शाया, काळा–काया. खान्देशी बोलींची ओळख बहुतेकांना या बदलावरून पटते. याशिवाय ‘ण’च्या जागी ‘न’ येतो आणि पाणी ‘पानी’ होते. शाळेत हा फरक जिभेचा आळस म्हणून दुरुस्त केला जातो. ध्वनिशास्त्र असे सांगत नाही. ‘ळ’ची जागा जेथे घ्यायची तेथे ‘य’ नियमाने घेतो. दुरुस्तीची गरज असलेली चूक अशी नियमित नसते.

ऐकण्याचे मानसशास्त्र याची दुसरी बाजू दाखवते. कॅनडात जॅनेट वर्कर आणि रिचर्ड टीस यांनी १९८४ साली इंग्रजीभाषक घरांतील बाळांना हिंदीतील दंत्य ‘त’ आणि मूर्धन्य ‘ट’ ऐकवले. सहा ते आठ महिन्यांच्या बाळांना फरक कळत होता. दहा ते बारा महिन्यांपर्यंत बहुतेकांची ती क्षमता ओसरली होती, कारण घरच्या भाषेला तो फरक लागत नव्हता. मूल पहिल्या वर्षातच घरच्या भाषेपुरता कान घडवते. घरात ज्या जोडीचा फरक अर्थाला लागत नाही, ती जोडी शाळेत वेगळी ऐकायला आणि उच्चारायला नव्याने शिकावी लागते. हे शिकता येते, पण त्यासाठी सराव लागतो, दटावणी नव्हे.

हेल कोशात मावत नाही

खान्देशी माणूस प्रमाण मराठी बोलत असला तरी ओळखू येतो, तो हेलामुळे. हेल म्हणजे वाक्यभर स्वर वर-खाली होण्याची, अक्षरे लांबवण्याची आणि जोर देण्याची रीत. देवनागरी लिपीत यांपैकी काहीच उतरत नाही. चाकातला ‘च’ आणि चारातला ‘च’ यांतील फरकही लिपी दाखवत नाही, मग प्रश्नाचा किंवा थट्टेचा सूर दूरच राहिला.

स्वीडनचे गुन्नार फांट यांनी १९६० मधील ग्रंथात उच्चाराची दोन अंगे वेगळी केली : स्वरतंतूंतून निघणारा मूळ नाद आणि त्याला आकार देणारी तोंड-घशाची पोकळी. ‘अ’ आणि ‘इ’ यांतील फरक मुख्यतः दुसऱ्या अंगाचा असतो, हेलातील चढउतार पहिल्याचे. अॅम्स्टरडॅममध्ये तयार झालेल्या ‘प्राट’ या मोफत संगणकप्रणालीत हे चढउतार आलेखावर मोजता येतात. डेक्कन कॉलेज आणि राज्य मराठी विकास संस्था यांच्या मराठी बोलींच्या सर्वेक्षणात गावोगावच्या बोलण्याची ध्वनिमुद्रणे जमवली गेली असून ती संकेतस्थळावर खुली आहेत. शब्द आणि सूर एकत्र तपासता येतील अशी सामग्री त्यामुळे उपलब्ध झाली आहे.

बोलीची लाज आणि जवळीक

जनगणनेतील आकडे मनाचाही ठाव घेतात. खान्देशी ही मातृभाषा सांगणारे १९९१ मध्ये सुमारे ९ लाख ७४ हजार होते, २००१ मध्ये सुमारे २० लाख ७५ हजार, आणि २०११ मध्ये सुमारे १८ लाख ६० हजार. दहा वर्षांत कोणतीही बोली जन्मदराने दुप्पट होत नाही आणि वाढत्या लोकसंख्येत अशी आक्रसतही नाही. बदलते ते ‘तुमची मातृभाषा कोणती?’ या प्रश्नाचे उत्तर. अहिराणी की मराठी हे सांगताना माणूस स्वतःला कोठे बसवतो, त्याची ही नोंद आहे.

हा कल मोजण्याची रीत वॉलेस लॅम्बर्ट आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९६० साली माँट्रियलमध्ये बसवली. द्वैभाषिक व्यक्तींनी एकच मजकूर इंग्रजीत आणि फ्रेंचमध्ये वाचला. दोन्ही आवाज एकाच माणसाचे आहेत हे श्रोत्यांना ठाऊक नव्हते. इंग्रजीतील आवाजाला त्यांनी बुद्धी आणि दर्जाबाबत वरचे गुण दिले. विशेष म्हणजे फ्रेंचभाषक श्रोत्यांनीही तसेच केले. जिला कमी लेखले जाते त्या भाषेचे बोलणारेही तोच निवाडा उचलतात. घरी ‘शाया’ आणि मुलाखतीत ‘शाळा’ म्हणणाऱ्या तरुणाच्या वागण्यामागे असाच निवाडा असतो.

त्याची दुसरी बाजू जवळिकीची. कॅथरिन हॅरिस आणि सहकाऱ्यांनी २००३ साली तुर्की-इंग्रजी द्वैभाषिकांच्या त्वचेची विद्युतवाहकता मोजली. लहानपणी ऐकलेली दटावणी मातृभाषेत ऐकताना शरीराची प्रतिक्रिया अधिक तीव्र होती. आईचे रागावणे, ओवी, शिवी आणि लाडाची हाक ज्या भाषेत पहिल्यांदा कानी पडली, तिच्याशी भावना घट्ट जोडलेल्या राहतात. लाज आणि जवळीक एकाच माणसात एकाच वेळी असू शकतात, कारण पहिली समाजाच्या निवाड्यातून येते आणि दुसरी बालपणाच्या अनुभवातून.

२०२०च्या राष्ट्रीय शिक्षण धोरणाने शक्य तेथे किमान पाचवीपर्यंत घरची, मातृ किंवा स्थानिक भाषा माध्यम असावी असे म्हटले आहे. खान्देशात त्याचा अर्थ लावताना तिन्ही थर लागतात. पाठासाठी कोश आणि व्याकरण, उच्चार शिकवताना ध्वनिशास्त्र, आणि वर्गात बोली बोलणाऱ्या मुलाला कमी न लेखण्यासाठी भाषेचे मानसशास्त्र. पहिल्या थराची सामग्री चिटणीस आणि सूर्यवंशी यांच्या कामात आहे, दुसऱ्याची ध्वनिमुद्रणांत. तिसऱ्या थरातील पद्धती सिद्ध आहेत. लॅम्बर्ट यांचा प्रयोग करायला अहिराणी आणि प्रमाण मराठी सारख्याच सफाईने बोलणारे काही जण, एक ध्वनिमुद्रक आणि श्रोत्यांचा एक वर्ग एवढे साहित्य पुरते.