थेंब मानेवर, पिसवा घरभर

पाऊस पडून पंधरा-वीस दिवस झाले की पशुवैद्यकीय दवाखान्यात एक तक्रार हमखास येऊ लागते : ‘कुत्रं दिवसभर खाजवतंय, पिसवांनी हैराण केलंय.’ तिच्या पाठोपाठ दुसरी येते : ‘मानेवर टाकायचं औषध आणलं, दोनदा टाकलं, पण काही फरक नाही.’ ही दुसरी तक्रार जास्त काळजीची. महागाचे औषध चालत नाही असे एकदा वाटले, की हात गोठ्यातल्या फळीकडे जातो. तिथे गाईच्या गोचिडांसाठी आणलेली बाटली असते, शेजारी कांद्यावर फवारून उरलेले कीटकनाशक असते. संगमनेर, राहाता, राहुरीचा दुधाचा पट्टा घ्या किंवा पारनेर, नेवासे, श्रीगोंद्याचा कांद्याचा; आपल्या जिल्ह्यात अशी फळी बहुतेक शेतकऱ्याच्या घरी असतेच. ‘कीडच मारायची ना, मग हे काय वाईट?’ असे म्हणून त्यातले दोन झाकण बादलीभर पाण्यात टाकले जाते आणि कुत्र्याला त्याने आंघोळ घातली जाते. कधी कुत्रे वाचते, कधी नाही. मांजर बहुधा वाचत नाही.

मानेवरचे ते थेंब नेमके काय करतात आणि काय करू शकत नाहीत, हे समजून घेतले तर या फळीकडे जाण्याची वेळच येणार नाही.

तेलाबरोबर पसरणारे औषध

दुकानात ‘स्पॉट-ऑन’ या नावाने मिळणारी ही औषधे छोट्या प्लास्टिकच्या नळीत असतात. नळीतले औषध मानेच्या मागे, दोन खांद्यांच्या मध्ये टाकायचे असते. जागा तीच का? कारण तिथे जनावराची जीभ पोहोचत नाही. पण मग शेपटीच्या बुंध्याशी बसलेली पिसू कशी मरते?

कुत्र्या-मांजरांच्या कातडीत असंख्य तैलग्रंथी असतात. त्यांतून पाझरणारे तेल अंगभर पातळ थर धरते. केस तुळतुळीत दिसतात ते त्यामुळेच. थेंबातले औषध या तेलात विरघळते आणि त्याच्याबरोबर सरकत चोवीस ते अठ्ठेचाळीस तासांत सर्वांगावर पोहोचते. फिप्रोनिलसारखे औषध तैलग्रंथींत साठून राहते आणि पुढे महिनाभर तेलाबरोबर थोडे थोडे बाहेर येत राहते. रक्तात ते फारच कमी उतरते. पिसवेला मरण्यासाठी चावावेही लागत नाही. औषध लागलेल्या केसांतून ती चालली की पुरे. सगळेच थेंब मात्र असे वागत नाहीत. सेलामेक्टिन हे औषध कातडीतून रक्तात जाते आणि तिथून काम करते.

पिसवेच्या शरीरात गेल्यावर ही औषधे तिच्या मज्जासंस्थेवर घाव घालतात. मज्जातंतूंतले संदेश एका बाजूने चालू करावे लागतात, तसे दुसऱ्या बाजूने थांबवावेही लागतात. फिप्रोनिल थांबवणारी यंत्रणा बंद पाडते, म्हणजे गाडीचा ब्रेकच निकामी होतो. इमिडाक्लोप्रिड उलट बाजूने येते. ते अॅक्सिलरेटर दाबून धरते. दोन्हींचा शेवट एकच. मज्जातंतू अनावर पेटतात, पिसू थरथरते, लुळी पडते आणि मरते. कुत्र्याला काही का होत नाही? कारण ही औषधे ज्या जागी जाऊन चिकटतात, त्या जागेची घडण कीटकांत आणि सस्तन प्राण्यांत वेगळी असते. कीटकाच्या कुलपात ही किल्ली घट्ट बसते, आपल्या किंवा कुत्र्याच्या कुलपात सैल. सैल बसते याचा अर्थ बसतच नाही असा मात्र नव्हे. मात्रा वाढली की तीही फिरते.

‘काही फरक नाही’ असे का वाटते?

जगभर कुत्र्यांवर आणि मांजरांवर सर्वाधिक आढळणारी पिसू एकच, तिला मांजरपिसू म्हणतात. तिची मादी रक्त प्यायल्यावर दीड दिवसात अंडी घालू लागते आणि भरात आली की दिवसाला चाळीस-पन्नास अंडी घालते. ही अंडी चिकट नसतात. कुत्रे जिथे बसेल, लोळेल, अंग झटकेल तिथे ती गळून पडतात : ओट्यावर, पडवीत, गोणपाटावर, गोधडीत, फरशीच्या सांध्यात. त्यातून निघालेली अळी उजेड टाळते, फटीत शिरते आणि मोठ्या पिसवांनी टाकलेली वाळक्या रक्ताची विष्ठा खाऊन वाढते. मग ती स्वतःभोवती कोष विणते. या चिकट कोषाला माती आणि धूळ अशी लागते की तो डोळ्यांना दिसतच नाही.

घरातल्या एकूण पिसवांची मोजदाद केली, तर अंगावर दिसणाऱ्या मोठ्या पिसवा साधारण शेकडा पाच भरतात. उरलेल्या पंच्याण्णव अंडी, अळी आणि कोष या रूपांत घरात असतात. मानेवरचा थेंब मारतो तो त्या पाचांना. काही थेंबांत मेथोप्रीनसारखे अंडी-अळ्यांची वाढ रोखणारे औषधही घातलेले असते. पण कोषापर्यंत कोणतेच औषध धडपणे पोहोचत नाही, आणि कोषातली पिसू वेळ आली नाही तर चार-पाच महिनेही आत थांबू शकते. ऊब, पावलांची हालचाल, श्वासातला कार्बन डायऑक्साइड यांची चाहूल लागली की ती बाहेर पडते. महिनाभर कुलूपबंद असलेले घर उघडताच पायांवर पिसवा उड्या मारतात, ते याचमुळे.

म्हणून थेंब टाकल्यावर चार-आठ दिवसांनी पुन्हा पिसवा दिसल्या तर औषध नापास झाले असे समजायचे कारण नाही. त्या बहुतेक कोषातून नुकत्याच निघालेल्या असतात. त्या कुत्र्यावर चढतील आणि मरतील. हा साठा संपायला दोन-तीन महिने लागतात. तेवढा काळ दर महिन्याला थेंब द्यावे लागतात आणि तेही घरातल्या सगळ्या कुत्र्या-मांजरांना. एकाला दिले आणि दुसऱ्याला सोडले तर अंड्यांचा कारखाना चालूच राहतो.

आपल्या जिल्ह्याचा बहुतांश भाग पर्जन्यछायेतला. वैशाखातले कोरडे ऊन उघड्यावरच्या अळ्यांना जगू देत नाही. पावसाळ्यात हवेत दमटपणा येतो आणि तेव्हाच पिसवांचे पीक येते. उपद्रव वाढण्याआधी, म्हणजे मृगाच्या आसपास औषध सुरू केले तर काम निम्मे होते.

रेणू तोच, मग शेतातले का नको?

कांद्यावरच्या फुलकिड्यांसाठी फिप्रोनिल आणि कपाशीवरच्या मावा-तुडतुड्यांसाठी इमिडाक्लोप्रिड आपले शेतकरी वर्षानुवर्षे फवारत आले आहेत. कुत्र्याच्या थेंबात तेच आहे हे कळले, की कृषी सेवा केंद्रातली बाटली स्वस्त वाटणे साहजिक आहे. इथे थोडा हिशेब करू.

नेहमीच्या फिप्रोनिल थेंबात औषधाचे प्रमाण जवळपास १० टक्के असते, म्हणजे पिकावरच्या ५ टक्क्यांच्या औषधाच्या दुप्पट. पण दहा किलोपर्यंतच्या कुत्र्यासाठीची नळी असते अवघी ०.६७ मिलिलिटरची. म्हणजे कुत्र्याच्या अंगावर पडते ६७ मिलिग्रॅम औषध. पिकाच्या बाटलीतले २० मिलिलिटर बादलीत टाकले, तर पाण्यात जातात १००० मिलिग्रॅम, जवळपास पंधरापट. त्यात कुत्रे ओले अंग चाटणार, आणि आंघोळ घालणाऱ्याचे हातही कोपरापर्यंत भिजणार. शिवाय पिकाचे औषध पानावर बसावे म्हणून त्यात मिसळलेली इतर द्रव्ये कातडीसाठी किंवा पोटात जाण्यासाठी तपासलेली नसतात. रेणू तोच असला तरी औषध तेच नसते.

गाईच्या गोचिडांवरची औषधे आणखी वेगळी. त्यांत डेल्टामेथ्रिन, सायपरमेथ्रिन किंवा अमिट्राझ असते. अमिट्राझ जास्त झाले की जनावर सुस्त पडते, नाडी मंद होते. डेल्टामेथ्रिन आणि सायपरमेथ्रिन ज्या पायरेथ्रॉइड कुळातली, त्याच कुळातले परमेथ्रिन कुत्र्यांच्या काही थेंबांत असते. कुत्र्याला ते चालते. मांजराला नाही. परमेथ्रिनसारखी द्रव्ये मोडून बाहेर टाकण्याची यकृतातली एक यंत्रणा मांजरात फार दुबळी असते. पॅरासिटामॉलची गोळी मांजराचा जीव घेते तीही याच कारणाने. म्हणून ‘फक्त कुत्र्यांसाठी’ असे लिहिलेला थेंब अर्धा करूनही मांजराला टाकू नये. दोघे एकत्र झोपत असतील, तर कुत्र्याला थेंब टाकल्यावर दोन-तीन दिवस त्यांना वेगळे ठेवावे. मांजर थरथरू लागले, लाळ गाळू लागले, झटके आले तर भांडी घासायच्या साबणाने आणि कोमट पाण्याने अंग धुवावे, उबदार कापडात गुंडाळावे आणि तडक डॉक्टरांकडे न्यावे. औषधाचे वेष्टण बरोबर घ्यावे.

उलटा प्रयोगही नको

कुत्र्याचे थेंब गाई-शेळ्यांना किंवा कोंबड्यांना लावून पाहण्याचा मोहही टाळायला हवा. हे औषध चरबीत मुरते, तिथून दुधात आणि अंड्यात उतरते. २०१७ मध्ये नेदरलँड्स आणि बेल्जियममधल्या पोल्ट्र्यांत कोंबड्यांवरच्या पिसवांसारख्या किडीसाठी बेकायदा फिप्रोनिल वापरले गेले, ते अंड्यांत सापडले आणि युरोपभर लाखो अंडी दुकानांतून मागे घ्यावी लागली. ज्या जिल्ह्याचा संसार दूध-अंड्यांवर चालतो, त्याने ही गोष्ट लक्षात ठेवलेली बरी.

दुसरा प्रश्न पाण्याचा. इंग्लंडमधल्या वीस नद्यांच्या पाण्याचा अभ्यास २०२१ मध्ये प्रसिद्ध झाला. तिथे शेतीत फिप्रोनिल वापरले जात नाही, तरी जवळपास सर्व नमुन्यांत ते सापडले. संशयाचे बोट कुत्र्या-मांजरांच्या थेंबांकडे गेले. पाण्यातल्या किड्यांना हे विष अगदी सूक्ष्म प्रमाणातही बाधते. आपल्याकडे शेततळी, पाट, ओढे जवळच असतात. थेंब टाकल्यावर निदान चार-पाच दिवस कुत्र्याला त्यांत उतरू देऊ नये. रिकामी नळी तर तिथे कधीच टाकू नये.

पिसू साधी नाही

पिसू म्हटले की जुन्या माणसांना प्लेग आठवतो. शेजारच्या बीड जिल्ह्यात १९९४ मध्ये प्लेगचे रुग्ण आढळले, तेव्हाची धास्ती आपल्याकडेही अनेकांच्या लक्षात असेल. प्लेग पसरवणारी मुख्य पिसू उंदरावरची. मांजरपिसू तिच्याहून वेगळी. पण तीही निरुपद्रवी नाही. लहान पिल्लांचे ती इतके रक्त पिते की ती पांढरीफटक पडून दगावतात. काही कुत्र्यांना तिच्या लाळेची अॅलर्जी असते. कमरेपासून शेपटीपर्यंतचे केस झडतात, कातडी सोलवटते. तिच्या पोटात एका पट्टकृमीची बालावस्थाही असते. कुत्रे खाजवताना पिसू गिळते आणि त्याला जंत होतो. अंगणात कुत्र्याशी खेळणाऱ्या लहान मुलाच्या तोंडात अशी पिसू गेली, तर त्यालाही होऊ शकतो.

मग करायचे काय?

आधी पिसवाच आहेत याची खात्री करावी. कुत्र्याच्या कमरेवर फणी फिरवून निघालेली काळी भुकटी ओल्या पांढऱ्या कापसावर ठेवावी. भोवती तांबूस डाग पसरला तर ते पचलेले रक्त, म्हणजे पिसवांची विष्ठा. गोचीडही असेल तर दुकानदाराला तसे सांगावे. नुसते इमिडाक्लोप्रिड गोचिडांवर चालत नाही.

थेंब वजन करून त्या वजनाचाच घ्यावा. केस बाजूला सारून कातडीवर टाकावा. केसांवर टाकलेले औषध वाया जाते. आधी दोन दिवस आणि नंतर दोन दिवस आंघोळ नको, कारण साबणाने तेल जाते आणि औषधाचा रस्ताच पुसला जातो. जागा वाळेपर्यंत मुलांना हात लावू देऊ नये, त्या रात्री कुत्र्याला कुशीत घेऊन झोपू नये. आठ आठवड्यांच्या आतल्या पिल्लांना, गाभण वा आजारी जनावरांना डॉक्टरांना विचारल्याशिवाय काही लावू नये. घरात ससा असेल तर फिप्रोनिल त्याच्यापासून दूर ठेवावे. त्याला ते मारक ठरते.

उरलेल्या पंच्याण्णवांसाठी मात्र बाटली लागत नाही, झाडू लागतो. कुत्र्याची झोपायची जागा रोज झाडावी, फटी आणि कोपरे विशेष. कचरा कोपऱ्यात न साठवता लगेच घराबाहेर न्यावा. गोणपाट, गोधड्या आठवड्याला गरम पाण्यात धुऊन कडक उन्हात टाकाव्यात. फरशीचे सांधे बुजवावेत. हे दोन-तीन महिने नेमाने केले तर महिन्याचा एक थेंब पुरतो. आणि गोठ्यातल्या फळीवरची बाटली गाईच्या गोचिडांसाठीच राहते.