कराची नोटीस आणि तीन महिन्यांची मुदत

नांदेड-लातूरमध्ये आपल्या अनेक घरांचा चरितार्थ छोट्या दुकानावर चालतो. पूर्वी विक्रीकराची नोटीस दुकानावर येई. आता जीएसटीची नोटीस पोर्टलवर येऊन पडते. पासवर्ड कर सल्लागाराकडे, नोंदवलेला मोबाइल नंबर जुना. कळते तेव्हा वसुली सुरू झालेली असते.

आकारणी चुकीची असेल तर कोर्टात जाऊ, असे आपण सहज म्हणतो. पण पहिली पायरी अपिलाची आहे. कलम 107 नुसार आदेश मिळाल्यापासून 3 महिन्यांत अपील करावे लागते. सबळ कारण दाखवले तर आणखी 1 महिना मिळू शकतो, त्यापुढे नाही. मान्य असलेला कर पूर्ण आणि वादातील कराचे 10 टक्के भरून अपील केले की बाकीची वसुली थांबते.

सुनावणी न देताच विरोधात आदेश दिला असेल, तर मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट याचिका करता येते. मात्र मुदत घालवून तेथे धाव घेऊन भागत नाही. आंध्र प्रदेशातील अशाच एका करप्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये हेच स्पष्ट केले.

म्हणून वाचकांना आम्ही एवढेच सांगू: पासवर्ड घरातही ठेवा. दर आठवड्याला पोर्टल पाहण्याचे काम शिकलेल्या मुलामुलींकडे द्या. नोटिशीला मुदतीत लेखी उत्तर द्या, त्यातच सुनावणी मागा आणि पोच जपून ठेवा. पुढे अपिलात किंवा खंडपीठात तीच पोच कामी येते.