निकाल ठरलेला, पडणं खरं

नव्वदच्या दशकात महाराष्ट्रातल्या कितीतरी शाळकरी मुलांच्या दप्तरात ट्रम्प कार्डांचा एक जोड असायचा. पत्त्यावर डब्ल्यूडब्ल्यूएफच्या एखाद्या रेसलरचं चित्र आणि खाली उंची, वजन, छाती, दंड यांचे आकडे. ज्याचा आकडा मोठा, त्याने समोरच्याचा पत्ता घ्यायचा. वजन पुकारायचं तर योकोझुना हातात असला की काम झालं. घरातल्या मोठ्यांचं मत मात्र ठाम होतं: ही सगळी नुरा कुस्ती, आधी ठरवून खेळलेली, त्यात खरं काही नाही. सामन्याच्या निकालापुरतं ते मत बरोबरच होतं. पण त्या पत्त्यांवरच्या माणसांचं पुढे काय झालं, ते पाहायला हवं. रिक रूड १९९९ मध्ये गेला, वय ४०. योकोझुना २००० साली लिव्हरपूलच्या एका हॉटेलात, ३४व्या वर्षी. ब्रिटिश बुलडॉग ३९व्या, मिस्टर परफेक्ट ४४व्या, बिग बॉस मॅन ४१व्या, बॅम बॅम बिगेलो ४५व्या. प्रत्येकाचं कारण वेगळं होतं. कुणाचं हृदय थांबलं, कुणाच्या शरीरात अमली पदार्थ सापडले. तरीही एकाच धंद्यातली इतकी धट्टीकट्टी माणसं पन्नाशीही न बघता जातात, तेव्हा प्रश्न धंद्यालाच विचारावा लागतो. माझं म्हणणं एवढंच आहे की या माणसांना ‘खोटं’ या एका शब्दाने फार मोठी किंमत मोजायला लावली. सामना खोटा, म्हणून मारही खोटा, हा समज प्रेक्षकांचा होता; त्याच समजाच्या आडोशाने मालकांनी त्यांना खेळाडूचं संरक्षणही दिलं नाही आणि कामगाराचंही नाही.

मार खोटा नसतो, हे समजायला रिंगच्या खाली डोकवावं लागतं. वीस फूट लांब-रुंद चौकटीत आधी लोखंडी तुळया, त्यांवर लाकडी फळ्या, फळ्यांवर फोमचा पातळ थर आणि वरून ताणलेलं कॅनव्हास. कोल्हापुरातल्या तालमीतली ताक, तेल आणि हळद घालून मळलेली मऊ लाल माती इथे नाही. नव्या पोराला पहिल्यांदा शिकवतात ते पडणं. त्याला ते ‘बम्प’ म्हणतात. हनुवटी छातीला चिकटवायची म्हणजे डोकं मागे आपटत नाही, श्वास सोडायचा, हात बाजूला पसरून तळवे फळीवर जोरात आपटायचे आणि सगळं वजन पाठीच्या वरच्या भागावर एकाच क्षणी झेलायचं. हे कसब आहे आणि ते माणसाला वाचवतं. पण धक्का नाहीसा करत नाही, फक्त वाटून देतं. एकेका सामन्यात असं अनेकदा पडायचं आणि तेही वर्षानुवर्षं. माणसाच्या अंगात मोजकेच बम्प असतात, ते संपले की माणूस संपला, असं या धंद्यातले जुने लोक म्हणतात. शिवाय इथे प्रतिस्पर्धी हाच राखणदार असतो. समोरच्याने उचललं की आपली मान त्याच्या हातात. ऑक्टोबर १९९९ मध्ये डॅरेन ड्रॉझ्डॉव्हला डी’लो ब्राउनने उचललं, पकड नीट बसली नाही, ड्रॉझ्डॉव्ह मानेवर आपटला आणि उरलेलं आयुष्य त्याने चाकाच्या खुर्चीत काढलं. ब्राउनला त्याने कधी दोष दिला नाही. दोघे मिळून एक काम करत होते आणि कामावर अपघात झाला, असंच तो मानत राहिला.

कामावर अपघात झाला, तर कामगाराचे हक्क आठवतात. इथे ते आठवून उपयोग नाही, कारण डब्ल्यूडब्ल्यूईने, म्हणजे पूर्वीच्या डब्ल्यूडब्ल्यूएफने, आपल्या रेसलर्सना दशकानुदशकं ‘स्वतंत्र कंत्राटदार’ म्हटलं आहे, नोकर नव्हे. सुतार आपली हत्यारं घेऊन येतो, काम ठरवतो, दुसऱ्याकडेही जातो, तो कंत्राटदार. रेसलरने कुणाशी, कधी, किती वेळ लढायचं, जिंकायचं की हरायचं, हे कंपनी ठरवते. दुसऱ्या कंपनीच्या रिंगमध्ये उतरायची त्याला मुभा नसते आणि ज्या नावाने जग त्याला ओळखतं, ते नावही बहुधा कंपनीच्या मालकीचं असतं. गावोगावची भाड्याची गाडी आणि हॉटेलची खोली मात्र कित्येक वर्षं त्याच्या खिशातून. स्कॉट लेव्ही, म्हणजे रेव्हन, आणि त्याचे दोन सहकारी २००८ साली हाच मुद्दा घेऊन कनेक्टिकटच्या न्यायालयात गेले. दावा टिकला नाही, आणि त्याचं एक मोठं कारण म्हणजे करार होऊन फार वर्षं लोटली होती. मूळ प्रश्न, हे नोकर की कंत्राटदार, निकाली निघालाच नाही.

खेळाडू म्हणून तरी काही मिळावं, तर ती वाट कंपनीने आधीच बुजवून टाकली होती. अमेरिकेत अनेक राज्यांमध्ये मुष्टियुद्धासारखे खेळ सरकारी आयोगाच्या देखरेखीखाली चालतात. परवाना लागतो, डॉक्टरची तपासणी लागते, आयोजकाला कर भरावा लागतो. १९८९ मध्ये कंपनीच्या प्रतिनिधींनी न्यू जर्सीच्या सिनेटपुढे सांगितलं की आमचा प्रकार ही खरी स्पर्धा नाही, प्रेक्षकांची करमणूक आहे. तेव्हा आयोगाचे नियम आणि कर आम्हाला नकोत. या कबुलीची त्या वेळी मोठी बातमी झाली, कारण ‘केफेब’, म्हणजे सगळं खरंच आहे असं भासवत राहण्याचा धंद्यातला दंडक, मालकानेच मोडला होता. लोकांनी गुपित फुटल्याची चर्चा केली. त्या कबुलीबरोबर डॉक्टरची सक्तीची तपासणीही गेली, याकडे फारसं कुणी पाहिलं नाही.

तपासणी गेल्यावर काय झालं असेल, याचा एक अंदाज पुढच्या आकड्यांवरून येतो. नोव्हेंबर २००५ मध्ये रेसलर एडी गरेरो हॉटेलच्या खोलीत मृत सापडला, वय ३८. त्यानंतर २००६ साली कंपनीने स्वतःची औषध-तपासणी सुरू केली. अमेरिकी काँग्रेसच्या समितीचे अध्यक्ष हेन्री वॅक्समन यांनी पुढे नमूद केलं की पहिल्या वर्षी, आधी सूचना देऊनही, ४० टक्के रेसलर स्टिरॉइड किंवा इतर औषधांच्या चाचणीत सापडले. हे निव्वळ व्यसन म्हणून सोडून देता येत नाही. दंड मोठा दिसला तर पोस्टरवर जागा मिळते. पाठ दुखते म्हणून घरी बसलं तर जागा जाते. वर्षाला ठरलेला विश्रांतीचा हंगाम नाही. १९९३ पासून दर सोमवारी ‘रॉ’ हा कंपनीचा टीव्ही कार्यक्रम चालू आहे. फुगवायला स्टिरॉइड, उभं राहायला वेदनाशामक, झोपायला गोळी, हे चक्र माणसाच्या दुबळेपणातून कमी आणि कामाच्या वेळापत्रकातून जास्त येतं. जून २००७ मध्ये रेसलर क्रिस बेन्वाने पत्नी आणि मुलाला मारून स्वतःचा जीव घेतला. नंतर तपासलेल्या त्याच्या मेंदूत गंभीर इजा आढळली. त्या भयंकर कृत्याचं कारण एवढंच होतं, असं कुणी म्हणू नये; पण डोक्यावर खुर्च्या झेलणं हा या कामाचा भाग होता, हे नाकारताही येणार नाही.

यावर पहिला आक्षेप येतो तो निवडीचा. कुणी जबरदस्ती केली नव्हती, पैसाही भरपूर मिळतो. पैसा मिळतो तो शिखरावरच्या मोजक्यांना. त्यांना दर आठवड्याला हरून मोठं करणाऱ्यांची नावं ट्रम्प कार्डांवरही नव्हती. आणि खाणकामगारही आपल्या पायांनी खाणीत उतरतो, म्हणून त्याच्या सुरक्षेची जबाबदारी कुणी माफ करत नाही. दुसरा आक्षेप अधिक वजनाचा आहे: आता दिवस बदलले. ते खरं आहे. रिंगमधल्या दुखापतीची शस्त्रक्रिया कंपनी करून देते. २०१० पासून डोक्यावर खुर्ची मारायला बंदी आहे. डॅनियल ब्रायन ऐन लोकप्रियतेत असताना डॉक्टरांनी त्याला परवानगी दिली नाही, २०१६ मध्ये त्याला निवृत्ती घ्यावी लागली आणि तपासण्या पार पडल्यावरच २०१८ मध्ये तो परतला. हे कौतुकाचं आहे. पण त्यातून माझाच मुद्दा पक्का होतो. नियम लावले तर माणसं वाचतात आणि खेळाचा रंगही जात नाही. मग जे नियम मालकाच्या मर्जीने आले ते हक्काने का नसावेत? जेसी व्हेंचुराने १९८६ मध्ये सहकाऱ्यांना संघटनेसाठी हाक दिली होती. ती जागच्या जागी विरली. बातमी मालकापर्यंत हल्क होगनने पोचवली, असं व्हेंचुराने पुढे जाहीरपणे सांगितलं. व्हेंचुरा नंतर मिनेसोटाचा गव्हर्नर झाला. रेसलर्सची संघटना मात्र उभी राहिली नाही.

ती अशक्य आहे असंही नाही. रिंगमधूनच पुढे आलेला ड्वेन जॉन्सन किंवा जॉन सीना हॉलिवूडच्या सेटवर उभा राहतो, तेव्हा तिथे कलाकारांची संघटना असते. त्याच्याऐवजी जिन्यावरून गडगडणारा स्टंटमनही तिचा सदस्य असतो. ठरावीक कमाई झाली की त्याला आरोग्य विमा मिळतो, निवृत्तिवेतन मिळतं. तिथेही निकाल पटकथेत लिहिलेलाच असतो. खोटं पडणाऱ्याला तिथे हक्क आहेत, मग रिंगमध्ये का नाहीत, याचं पटणारं उत्तर अजून कुणी दिलेलं नाही. नेटफ्लिक्सने ‘रॉ’साठी दहा वर्षांचा पाच अब्ज डॉलरपेक्षा मोठा करार केला आहे, तेव्हा परवडत नाही असंही म्हणता येणार नाही. आपल्याकडेही हा प्रश्न आता परका राहिलेला नाही. ग्रेट खलीने जालंधरला काढलेल्या शाळेत देशभरातली पोरं हेच पडणं शिकायला जातात.

२३ मे १९९९ ला कॅन्सस सिटीच्या केम्पर अरिनात रेसलर ओवेन हार्टला छतावरून दोरीने खाली उतरवायचं होतं. दोरीची कडी वेळेआधीच सुटली आणि तो सुमारे ७८ फुटांवरून रिंगमध्ये कोसळला. वय ३४. त्याला बाहेर नेलं आणि कार्यक्रम त्याच रिंगमध्ये पुढे चालू ठेवला. टीव्हीवर पाहणाऱ्यांना थोड्या वेळाने तो गेल्याचं सांगितलं गेलं. सभागृहातल्या हजारो लोकांना ते सांगितलंच नाही. आपण पाहिलं ते खरं होतं की खेळाचाच भाग, हे न कळताच त्यांच्यातले कितीतरी जण पुढचे सामने बघत बसून राहिले.