तुंबाडातला न थांबणारा पाऊस

आपल्याकडे भुताखेताच्या गजालींना कधी तोटा नसतो. मिरग लागला, लाईट गेली, की माजघरात कोणीतरी सुरू करतंच. आज बोलू या अशीच गजाल पडद्यावर आणणाऱ्या राही अनिल बर्वे या दिग्दर्शकाबद्दल आणि त्यांच्या 'तुंबाड' या सिनेमाबद्दल. सिनेमा हिंदी, पण गाव आपल्या कोकणातलं. नाव श्री. ना. पेंडसे यांच्या 'तुंबाडचे खोत' या कादंबरीवरून घेतलेलं, आणि गोष्टीला प्रेरणा नारायण धारपांच्या भयकथेची.

भुताच्या सिनेमात बहुतेक वेळा दार करकरतं, केस सोडलेली बाई समोर येते, आपण दचकतो आणि पुढच्या क्षणी हसतो. बर्वे आधी वातावरण तयार करतात. तुंबाडात पाऊस थांबतच नाही. ओल्या भिंती, चिखल, कंदिलाचा उजेड पोचेल तेवढंच दिसतं. पलीकडच्या काळोखात काय आहे, ते आपलं मनच भरून काढतं. ही ओल खरी वाटावी म्हणून खऱ्या पावसात चित्रीकरण केलं, पुढच्या पावसाळ्यांची वाट बघितली. 2012 साली सुरू झालेलं काम 2015 मध्ये पुन्हा हाती घ्यावं लागलं. सिनेमा आला 2018 च्या ऑक्टोबरात! स्वतःच्या मनासारखं करायचं तर एवढा धीर लागतो.

भीतीचं मूळ मात्र हावेत आहे. हस्तरकडे सोनं आहे, पण तो कायमचा भुकेला. विनायक पिठाची बाहुली घेऊन जमिनीखाली उतरतो आणि हस्तर पिठावर तुटून पडला की त्याची नाणी लुटतो. रोज भाकरीचं पीठ मळणाऱ्या आपल्यासारखीला ती बाहुली बघून कसंसंच होतं. पुढे पुढे हस्तरची सवय होते. पण विनायक स्वतःच्या लहान मुलाला ही चोरी शिकवायला लागतो, तेव्हा पोटात गोळा येतो.

विनायकची आई एका नाण्याच्या आशेवर सरकारांच्या वाड्यात वर्षानुवर्षं राबते. ती फारसं बोलत नाही. मला हस्तरपेक्षा तीच जास्त अंगावर आली.

आणि घरात साखळीने बांधलेली म्हातारी. ती शापित आहे, ती गोष्टीतली. आपल्या वाडीत एखादी वेगळी वागू लागली, तर तिला 'लागलंय' म्हणून बांधू नका. भूत उतरवण्याच्या नावाखाली साखळीने बांधणं, मारणं हा 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. तिला ओरोसला जिल्हा रुग्णालयात दाखवा.

'तुंबाड' 2024 मध्ये पुन्हा थिएटरात लागला आणि पहिल्या वेळेपेक्षा जास्त चालला. गटात मिळून जरूर बघा, पण पोरांना झोपवून.