लाजपतनगरची आठ हजार बाळं

१९६९ सालच्या डिसेंबरपासून दक्षिण दिल्लीतल्या लाजपतनगर आणि आसपासच्या वस्त्यांत एका पाहणीचे कर्मचारी दर दोन महिन्यांनी घराघरांत जाऊ लागले. घरातल्या विवाहित बाईला ते मागच्या पाळीची तारीख विचारत आणि नोंदवून घेत. बाई गरोदर असो वा नसो, प्रश्न चुकत नसे. बारा चौरस किलोमीटरच्या त्या पट्ट्यात तेव्हा सुमारे १ लाख २० हजार लोक राहत होते आणि मूल होण्याच्या वयातल्या २०,७५५ विवाहित स्त्रिया होत्या. त्या सगळ्यांची नावं यादीत होती.

सफदरजंग रुग्णालयातल्या बालरोगतज्ज्ञ डॉ. शांती घोष यांनी हे काम उभं केलं. त्यांच्या बरोबरीने आणि पुढे अनेक दशकं डॉ. संतोष भार्गव यांनी ते चालवलं. सुरुवातीचा पैसा भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेकडून आणि अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य सांख्यिकी केंद्राकडून आला. जगभरच्या संशोधकांना आज ‘न्यू दिल्ली बर्थ कोहॉर्ट’ हे नाव ठाऊक आहे. दिल्लीकरांना मात्र ते फारसं ठाऊक नाही. मराठी वाचकाला तर नाहीच, आणि ही खंतावण्यासारखी गोष्ट आहे, कारण आपल्याकडच्या मधुमेहाविषयी या पाहणीने जे सांगितलं ते घरोघरच्या ताटाशी जोडलेलं आहे.

पाळीची तारीखच का? सव्वादोन किलोचं बाळ जन्माला आलं, तर त्याचे दोन अर्थ होतात. ते दिवस भरण्याआधी आलं असेल, किंवा पूर्ण दिवसांचं असूनही पोटात त्याची वाढ खुंटली असेल. दोघांचं वजन सारखं, पण पुढची वाट वेगळी. सोनोग्राफी रोजच्या वापरात येण्याआधीच्या त्या काळात दिवस मोजायचा विश्वासाचा मार्ग एकच होता : गर्भ राहण्याच्या आधीपासून तारखा लिहून ठेवायच्या. म्हणून वीस हजार बायकांना पुन्हा पुन्हा विचारलं गेलं. त्यातून ९,१६९ गर्भारपणांची नोंद झाली आणि ८,१८१ बाळं जिवंत जन्मली. प्रत्येक बाळाचं वजन आणि लांबी जन्मानंतर ७२ तासांच्या आत मोजायची, मग तिसऱ्या, सहाव्या, नवव्या आणि बाराव्या महिन्यात, आणि त्यानंतर दर सहा महिन्यांनी, असा नेम होता. मुलं शाळेत गेली, मिसरूड फुटलं, तरी मापं घेणं सुरूच होतं.

कोहॉर्ट अभ्यास म्हणजे नेमकं हेच. माणसं आधी निवडायची, त्यांच्याविषयी आजची माहिती आज लिहायची, आणि वर्षानुवर्षं त्यांच्या मागे राहून कोणाला कोणता आजार होतो ते पाहायचं. नोंद आधी, आजार नंतर. या क्रमातच या पद्धतीचं सगळं बळ आहे.

उलट दिशेनेही शोध घेता येतो. आजारी माणसं गोळा करायची, त्यांच्या जोडीला निरोगी माणसं घ्यायची आणि दोघांना मागचं विचारायचं. ही पद्धत झटपट होते, स्वस्त पडते, आणि दुर्मीळ आजारासाठी बहुतेकदा तीच परवडते. पण तिशीत मधुमेह झालेल्या माणसाला दुसऱ्या वर्षी त्याचं वजन किती होतं हे विचारून काय मिळणार? त्याच्या आईलाही ते आठवणार नाही. शिवाय आजारी माणूस आपल्या आजाराचं कारण शोधत असतो, त्यामुळे त्याची आठवण एका बाजूला झुकते. दिल्लीच्या कागदांवर मात्र सहा महिन्यांच्या बाळाचं वजन ते बाळ सहा महिन्यांचं असतानाच लिहिलेलं होतं. पुढे काय होणार हे ते लिहिणाऱ्यालाही माहीत नव्हतं, त्यामुळे हात झुकायचा प्रश्नच नव्हता.

जगात या मार्गाने मोठी कोडी सुटली आहेत. १९५१ साली रिचर्ड डॉल आणि ऑस्टिन ब्रॅडफर्ड हिल यांनी ब्रिटनमधल्या डॉक्टरांनाच त्यांच्या धूम्रपानाविषयी पत्रं पाठवली. डॉक्टर निवडण्यात शहाणपण होतं : त्यांची नावं नोंदवहीत असतात, म्हणून ते हरवत नाहीत. ३४ हजारांहून अधिक पुरुष डॉक्टरांचा पन्नास वर्षं मागोवा घेतल्यावर २००४ साली आकडा हाती आला. आयुष्यभर सिगारेट ओढणारा न ओढणाऱ्यापेक्षा सरासरी दहा वर्षं आधी मरतो. अमेरिकेतल्या फ्रॅमिंगहॅम गावात १९४८ पासून ५,२०९ रहिवाशांची तपासणी सुरू झाली, आणि रक्तदाब व कोलेस्टेरॉल यांचा हृदयविकाराशी असलेला संबंध तिथूनच घट्टपणे पुढे आला. आज डॉक्टर बाह्या वर करायला सांगून रक्तदाब मोजतात, त्यामागे त्या गावकऱ्यांचा वाटा आहे.

दिल्लीतलं हे शोधकार्य पुन्हा सुरू झालं ते १९९८ ते २००२ या काळात. मुलं आता २६ ते ३२ वर्षांची झाली होती. त्यांना शोधून काढून साखरेची तपासणी केली गेली, आणि २००४ साली ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये १,४९२ जणांचे निष्कर्ष छापून आले. भार्गव आणि डॉ. हर्षपाल सिंग सचदेव यांच्याबरोबर साउथॅम्प्टनच्या डॉ. कॅरोलाइन फॉल आणि डेव्हिड बार्कर हेही त्या लेखाचे सहलेखक होते.

तिशीच्या आसपासच्या या तरुणांपैकी ४.४ टक्क्यांना मधुमेह होता आणि आणखी १०.८ टक्के त्याच्या उंबरठ्यावर होते. हा आकडा एखाद्या साध्या सर्वेक्षणातूनही कळला असता. ही माणसं लहानपणी कशी होती, हे मात्र फक्त इथेच कळू शकत होतं. आणि ती गुटगुटीत नव्हती! दोन वर्षांपर्यंत ती इतरांपेक्षा बारीकच होती. तान्हेपणानंतर प्रत्येक मूल थोडं सडपातळ होतं आणि मग साधारण पाच-सहा वर्षांच्या सुमारास उंचीच्या मानाने त्याचं वजन पुन्हा वाढू लागतं. या मुलांमध्ये ते वळण लवकर आलं होतं आणि तिथून वजनाची चढण अधिक तीव्र होती. तरीही बाराव्या वर्षी त्यांच्यातलं एकही मूल लठ्ठ या व्याख्येत बसत नव्हतं. शाळेच्या तपासणीत कोणी त्यांच्यावर बोट ठेवलं नसतं. धोका एखाद्या दिवशीच्या वजनात नव्हता, वजनाच्या वाटचालीत होता, आणि वाटचाल पाहायला पंचवीस वर्षांची मापं लागतात.

त्याच मुलांच्या शरीररचनेवरचा २००५ चा अभ्यास आणखी एक धागा जोडतो. तान्हेपणी आणि अगदी लहान वयात वाढलेलं वजन मोठेपणी मुख्यतः स्नायूंच्या रूपात दिसतं. नंतरच्या बालपणात आणि किशोरवयात वाढलेलं वजन चरबीच्या रूपात. पुढे ब्राझील, ग्वाटेमाला, फिलिपिन्स आणि दक्षिण आफ्रिका इथल्या चार जन्म-कोहॉर्टांशी दिल्लीची आकडेवारी एकत्र केली गेली, तेव्हाही चित्र तेच आलं. पहिल्या दोन वर्षांतली चांगली वाढ, विशेषतः उंचीची, अधिक शिक्षण आणि चांगली प्रौढ उंची देते. मधल्या बालपणानंतर उंचीच्या मानाने जास्त चढलेलं वजन चरबी आणि रक्तदाब वाढवतं. आपल्याकडे सहा-सात वर्षांचं मूल सडपातळ दिसलं की घरातली मोठी माणसं हळहळतात आणि त्याला तूप-साखर चारू लागतात. त्या मायेची खरी गरज त्याला आईच्या पोटात असताना आणि पहिल्या दोन वर्षांत होती.

आता या पद्धतीच्या दुखऱ्या जागा. ८,१८१ बाळांपैकी १,४९२ जणांचेच निष्कर्ष त्या लेखात आले. बाकीचे कुठे गेले? काही मुलं लहानपणीच दगावली, कित्येक कुटुंबं शहर सोडून गेली. अनधिकृत ठरवून काही वस्त्या पाडल्या गेल्या आणि तिथली घरं विखुरली. मध्येच निधी आटल्यामुळे मोजमापंही काही काळ थांबली. जे उरले ते गेलेल्यांपेक्षा वेगळे असतील तर निष्कर्ष फसवा ठरू शकतो. अशा वेळी सुरुवातीच्या नोंदी कामी येतात, कारण गळून गेलेल्यांचंही जन्माचं वजन कागदावर असतं आणि उरलेल्यांशी त्याची तुलना करता येते.

दुसरा प्रश्न गुंत्याचा. बारीक बाळ बहुधा गरीब घरातलं, आणि गरिबीतून आजार येण्याच्या शंभर वाटा. मग दोष वजनाचा की परिस्थितीचा? म्हणून सुरुवातीलाच घरची माहिती घ्यावी लागते. या कुटुंबांपैकी ४३ टक्के एकाच खोलीत राहत होती, पण पालकांत निरक्षर फक्त १५ टक्के होते, तर देशात हे प्रमाण ६६ टक्के होतं. म्हणजे हा समाज साऱ्या भारताचा नमुना नव्हे. तरी आतल्या आत एका मुलाची दुसऱ्याशी तुलना करायला तो पुरेसा होता. आणि एवढं करूनही कोहॉर्ट अभ्यास दोन गोष्टी एकत्र चालताना दाखवतो. एकामुळेच दुसरी घडते हे ठरवायला इतर पुरावा लागतो, शक्य असेल तिथे प्रत्यक्ष प्रयोग लागतो.

त्या दिशेचा प्रवास पुण्याने केला. केईएम रुग्णालयाचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांनी १९९३ साली पुण्याजवळच्या सहा गावांत गर्भ राहण्याआधीपासून स्त्रियांची नोंद सुरू केली. तिथली बाळं सरासरी २.७ किलोची होती, तर साउथॅम्प्टनची साडेतीन किलोची. मात्र पुण्याच्या बाळांत स्नायू कमी असले तरी त्वचेखालची चरबी त्या मानाने टिकून होती. दिसायला रोड, आतून चरबी जपलेली. पुढे आईच्या आहारातल्या बी-१२ जीवनसत्त्वाच्या कमतरतेकडे आणि सहाव्या वर्षी मुलांत दिसणाऱ्या इन्सुलिनच्या प्रतिरोधाकडे याच पाहणीने लक्ष वेधलं, आणि त्यातून याज्ञिकांच्या गटाने त्याच मुलांना किशोरवयात बी-१२ देऊन पुढच्या पिढीवर काय परिणाम होतो हे तपासण्याचा प्रयोग हाती घेतला. दिल्लीने वाढीचा आलेख दिला, पुण्याने गर्भाच्या आत डोकावून पाहिलं.

राजधानीच्या परिसरात हे काम थांबलेलं नाही. २०१० पासून दिल्ली, चेन्नई आणि कराचीतल्या सोळा हजारांहून अधिक प्रौढांचा ‘कार्स’ हा अभ्यास सुरू झाला. त्यातल्या दिल्ली आणि चेन्नईच्या रहिवाशांची आकडेवारी हवेतल्या सूक्ष्म कणांच्या मोजमापाशी जोडली, तेव्हा दीर्घकाळ जास्त प्रदूषणात राहणाऱ्यांत मधुमेहाचा धोका अधिक आढळला. दिवाळीनंतरचा धूर डोळ्यांना आणि घशाला लगेच कळतो. साखरेवरचा त्याचा परिणाम वर्षानुवर्षं माणसांच्या मागे राहिल्याशिवाय कळला नसता. आणि मे २०१५ पासून गुरुग्रामच्या सरकारी रुग्णालयात फरिदाबादच्या टीएचएसटीआय या संस्थेने ‘गर्भिणी’ हा कोहॉर्ट सुरू केला, तो दिवस भरण्याआधी होणाऱ्या बाळंतपणांची कारणं शोधण्यासाठी. लाजपतनगरमध्ये पाळीच्या तारखेवरून जो हिशेब मांडला जाई, तो इथे सोनोग्राफीवरून मांडला जातो. त्यासाठी भारतीय गर्भांच्याच मापांवर बेतलेलं गणितही या गटाने तयार केलं आहे.

असे अभ्यास तीन किंवा पाच वर्षांच्या अनुदानावर चालवणं हा अविचार आहे. मूल तीस वर्षांचं व्हायला तीस वर्षंच लागतात. कितीही पैसा ओतला तरी मध्ये निसटलेलं वर्ष पुन्हा मोजता येत नाही. देशाला पुढच्या पिढीच्या मधुमेहाविषयी खरोखर जाणून घ्यायचं असेल, तर आज चालू असलेल्या कोहॉर्टांना पंचवीस-तीस वर्षांची हमी द्यायला हवी, आणि ती सरकारनेच द्यायला हवी. वाचकांकडूनही दोन गोष्टींची अपेक्षा आहे. बाळाचं वजन-उंचीचं कार्ड लसीकरण संपल्यावर फेकू नका. आणि मान्यताप्राप्त संस्थेच्या अभ्यासाचा कार्यकर्ता ओळखपत्र आणि संमतीपत्र घेऊन दाराशी आला, तर नीट वाचून, मनातले प्रश्न विचारून, पटलं तर त्याला दहा मिनिटं द्या, आणि घर बदललंत तर नवा पत्ता त्याला आठवणीने कळवा.