गरुडपुराण आणि दवाखान्याची पावती

गरुडपुराण आपल्याकडे वाचतात ते घरातले माणूस गेल्यावर. पण 1996 साली सर्वोच्च न्यायालयाने याच पुराणातील श्लोकांचा आधार घेतला, तो जिवंत माणसाच्या दवाखान्याच्या बिलासाठी! सुरजितसिंग हे पंजाब पोलिसांतील अधिकारी. इंग्लंडमध्ये असताना त्यांचा हृदयविकार बळावला. बर्मिंगहॅमच्या रुग्णालयात त्यांना तातडीने दाखल करावे लागले आणि 1988 मध्ये लंडनला बायपास झाली. सरकार भारतातील सरकारी रुग्णालयाच्या दरापलीकडे द्यायला तयार नव्हते. देह राखणे हे माणसाचे पहिले कर्तव्य, या आशयाचे श्लोक देऊन न्यायालय म्हणाले की, जीव धोक्यात असलेल्या माणसाने वैद्यकीय मंडळासमोर रांगेत उभे राहावे, ही अपेक्षाच चुकीची आहे. दिल्लीतील एस्कॉर्ट्स या मान्यताप्राप्त खासगी रुग्णालयाच्या दराने त्यांना रक्कम देण्याचा आदेश झाला.

पुण्यात कर्वेनगरातल्या किती घरांना हा निकाल ठाऊक असेल? हिंगणे बुद्रुकच्या ज्या माळरानावर 1900 साली महर्षी कर्वे यांनी झोपडीत विधवांचा आश्रम आणला, तिथे आज नोकरदारांची आणि निवृत्तांची दाट वस्ती आहे. एका घरातला कर्ता राज्य शासनाच्या कार्यालयात असतो, तर शेजारच्या घरातला खडकवासल्याच्या जल आणि विद्युत संशोधन केंद्रात किंवा पाषाणच्या संरक्षण प्रयोगशाळेत. दोघेही सरकारी नोकर, पण दोघांचे नियम निराळे.

राज्याच्या कर्मचाऱ्यांना 1961 चे महाराष्ट्र राज्य सेवा (वैद्यकीय देखभाल) नियम लागू होतात. त्यांचे मूळ सूत्र असे की, उपचार शासकीय रुग्णालयात घ्यावेत. पण मध्यरात्री छातीत कळ आली तर सरकारी ससून रुग्णालय गाठायचे की जवळचा खासगी दवाखाना? याचे उत्तर 19 मार्च 2005 च्या शासन निर्णयात आहे. त्यात 27 आकस्मिक आणि 5 गंभीर आजारांची यादी आहे. आकस्मिक आजारांत हृदयविकाराचा झटका, अपघात, भाजणे, धनुर्वात, घटसर्प, विषमज्वर, उष्माघात, ब्रेन ट्यूमर, डोळ्याचा पडदा सरकणे आणि प्राणी चावल्याने होणारी विषबाधा यांचा समावेश आहे. नाका-कानात वस्तू अडकणेसुद्धा त्यात आहे. गंभीर आजारांच्या यादीत हृदयशस्त्रक्रिया, बायपास, अँजिओप्लास्टी, मूत्रपिंड प्रतिरोपण आणि रक्ताचा कर्करोग आहेत. या आजारांवर खासगी रुग्णालयात घेतलेल्या उपचारांच्या खर्चाची प्रतिपूर्ती नियमांच्या चौकटीत मागता येते.

केंद्राच्या कर्मचाऱ्यांसाठी 1944 चे वैद्यकीय देखभाल नियम आहेत. शिवाय 1954 मध्ये दिल्लीत सुरू झालेली केंद्र सरकार आरोग्य योजना, म्हणजे सीजीएचएस, पुण्यातही आहे आणि तिचे कार्ड निवृत्तीनंतरही घेता येते. केंद्राच्या नियमांतील एक तरतूद कर्वेनगरात आवर्जून सांगावी अशी आहे. महिला कर्मचाऱ्याला अवलंबितांमध्ये स्वतःचे आई-वडील किंवा सासू-सासरे यांपैकी एक जोडी निवडता येते. सासरी गेलेल्या लेकीवरही आई-वडील अवलंबून असू शकतात, हे शासनाने लेखी मान्य केले आहे. जिथे बाईने स्वतःच्या पायावर उभे राहावे म्हणून आश्रम उभा राहिला, त्या भूमीत या तरतुदीचे मोल अधिकच जाणवते.

रुग्णालय सरकारी यादीत नसेल तर? 13 एप्रिल 2018 रोजी शिवकांत झा या निवृत्त केंद्रीय अधिकाऱ्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने याचेही उत्तर दिले. दिल्ली आणि मुंबईतील खासगी रुग्णालयांतल्या उपचारांची त्यांची बिले अडली होती. उपचार खरोखर घेतले का आणि त्यांना कागदपत्रांचा आधार आहे का, एवढेच पाहायचे. केवळ रुग्णालयाचे नाव यादीत नाही म्हणून दावा फेटाळता येणार नाही, असे न्यायालयाने स्पष्ट केले.

हा निकाल कागदपत्रांवर भर देतो, आणि राज्यातही बिलाचे सारे कागदांवरच अवलंबून असते. राज्य कर्मचाऱ्याचे बिल कार्यालयातून तपासणीसाठी जिल्हा शल्यचिकित्सकांकडे जाते. पुणे जिल्ह्याचे हे कार्यालय औंधच्या जिल्हा रुग्णालयात आहे. आजार खरोखर आकस्मिक होता का आणि कोणता खर्च ग्राह्य, हे तिथे ठरते. म्हणून डिस्चार्ज कार्डावर आजाराचे नाव आणि दाखल केल्याची तारीख स्पष्ट हवी. तातडीचे कारणही डॉक्टरांकडून लिहून घ्यावे. अत्यावश्यकता प्रमाणपत्रावर त्यांची सही आणि शिक्का हवा. औषधांची मूळ बिले तारखेनुसार लावावीत आणि संपूर्ण संचाची झेरॉक्स घरी ठेवावी. अवलंबितांचे प्रतिज्ञापत्र जोडावे. मेडिक्लेम घेतला असेल तर तसे प्रामाणिकपणे नमूद करावे. अर्ज देताना आवक क्रमांक आणि पोच घ्यायला विसरू नये. बिल परत आले तर त्रुटी लेखी मागावी, ती दूर करावी आणि पुन्हा पाठवावे.

आजारपणात माणूस आधी खचतो आणि मग कागदाला कंटाळून हक्क सोडून देतो. तसे करू नका. ही रक्कम म्हणजे साहेबांची मेहेरबानी नव्हे. सेवेत रुजू झाल्या दिवसापासून ती तुमच्या सेवाशर्तींचा भाग आहे. आज संध्याकाळीच घरात एक फाइल करा, तिच्यात 2005 च्या शासन निर्णयाची प्रत किंवा सीजीएचएसचे कार्ड ठेवा आणि ती कुठे आहे हे घरातल्या प्रत्येकाला सांगून ठेवा.