‘जबाब घरीच देईन’

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये, असं आपल्याकडे म्हणतात. पोलीस ठाण्याचं तर नावच नको! मीही त्याच मताची होते. पण गेल्या वर्षी एका संध्याकाळी, ऐन दिवेलागणीला आमच्या स्वयंपाकाच्या मावशी दारात येऊन रडायलाच लागल्या.

इथे नाशिकच्या सिडकोत त्या चार घरी पोळ्या करतात. त्यातल्या एका घरची सोन्याची बांगडी हरवली होती. ‘आठ वाजता ठाण्यात जबाबाला या,’ असा फोन आला होता. मी पटकन म्हणाले, “तुम्ही काही केलं नाही ना? मग जाऊन या की!”

मावशींनी डोळे पुसले. “ताई, तुम्ही गेला असता का, रात्रीच्या एकट्या?”

मी गप्पच झाले. मग वकील असलेल्या नणंदेला फोन लावला. ती म्हणाली, “वहिनी, त्यांना मुळीच पाठवू नकोस. जबाबासाठी बोलवायचं तर लेखी आदेश लागतो. आणि बाईला राहत्या घराबाहेर बोलावण्याची सक्ती करताच येत नाही.” हा नियम पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १६० मध्ये होता. १ जुलै २०२४ पासून तो भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७९ मध्ये आहे. स्वखुशीनं जायचं असेल तर गोष्ट वेगळी.

नणंदेनं आणखीही सांगितलं. विचारलं त्याचं खरं उत्तर द्यावं, पण ज्या उत्तरानं आपणच गुन्ह्यात अडकू, ते देण्याची सक्ती नाही. पोलिसांनी लिहून घेतलेल्या जबाबावर सही करावी लागत नाही. मात्र आरोपी म्हणून हजर राहण्याची नोटीस आली, तर ती घरात ठेवून न देता लगेच वकिलाला दाखवावी.

मैत्रिणींनो, हे संरक्षण आपसूक मिळालेलं नाही. १९८२ साली पत्रकार शीला बारसे मुंबईच्या कारागृहात १५ महिला कैद्यांशी बोलल्या. त्यातल्या पाच जणींनी पोलीस कोठडीत मारहाण झाल्याचं सांगितलं. शीलाताईंनी सर्वोच्च न्यायालयाला पत्र लिहिलं आणि न्यायालयानं त्या पत्रालाच याचिका मानलं! फेब्रुवारी १९८३ मध्ये निकाल आला. बायकांची चौकशी महिला पोलिसांच्या उपस्थितीतच व्हावी, असं न्यायालयानं बजावलं.

मावशींनी माझ्यासमोरच ठाण्यात फोन केला. आवाज कापत होता. “साहेब, जबाब देते, पण घरी या. बाई पोलीस संगं आणा.” पलीकडे जरा शांतता. मग, “बरं, सकाळी येतो.”

दुसऱ्या दिवशी एक साहेब आणि एक महिला शिपाई आले. मावशींच्या खोलीत, चटईवर बसून अर्ध्या तासात जबाब झाला. मीही शेजारी होते.

वकिलाला द्यायला पैसे नाहीत म्हणून अडू नका. स्त्रियांना, उत्पन्न कितीही असो, मोफत कायदेशीर मदतीचा हक्क आहे. जिल्हा न्यायालयातल्या विधी सेवा प्राधिकरणात जा, किंवा १५१०० वर फोन करा.

बांगडीचं पुढे काय झालं, कळलं नाही. मावशींचं त्या घरचं काम मात्र सुटलं. चौकशीच्या वेळी कायदा त्यांच्या पाठीशी होता, शेजारणींच्या संशयावर त्याचा इलाज नाही. तो आपणच करायचा. ‘जाऊन या की’ म्हणण्याआधी ‘मी येते सोबत’ एवढं म्हटलं, तरी पुष्कळ.